चमकणाऱ्या दगडाला खायला काय घालाल?

कल्पित जगातल्या कथा आम्ही मागवल्या आणि आलेल्या पत्रांमध्ये एक गोष्ट सारखी भेटत राहिली: खाणीत किंवा गुहेत सापडणारा, स्वतःचा उजेड असलेला, अर्धा दगड नि अर्धा जीव असा पदार्थ. कुणी त्याला निशाश्म म्हटलंय, कुणी तेजखडा. नावं झकास आहेत, घोळ होतो तो पुढे. निवडक प्रश्न इथे घेतले आहेत, लांबलचक होते ते कापले आहेत. उत्तरं भूविज्ञान, सूक्ष्मजीवशास्त्र आणि नेपथ्य या तिन्ही बाजूंच्या जाणकारांनी मिळून दिली आहेत.

प्रश्न (गिरगाव): माझ्या कादंबरीत निशाश्माचा मुठीएवढा खडा पितळी डबीत हजार वर्षं बंद आहे. डबी उघडताच खोली उजळून निघते. खड्यात सूक्ष्म जीव आहेत आणि तेच उजेड देतात, हे पहिल्याच प्रकरणात सांगून झालंय. खपून जाईल ना?

उत्तर: डबी चालेल, जीवही चालतील. दोन्ही एकदम चालणार नाहीत.

जिवंत उजेड हे मंद ज्वलनच आहे. ल्युसिफेरिन नावाच्या रेणूचा ऑक्सिजनशी संयोग होतो, ल्युसिफेरेज हे विकर (एन्झाइम) तो घडवून आणतं आणि सुटलेल्या ऊर्जेचा काही भाग प्रकाश होऊन बाहेर पडतो. काजव्याचं, कवकाचं आणि सागरी जिवाणूंचं रसायन वेगवेगळं असलं तरी या तिघांनाही ऑक्सिजन लागतोच. रॉबर्ट बॉईल या शास्त्रज्ञाने १६६७-६८ च्या सुमारास चमकणारं कुजकं लाकूड हवापंपाच्या भांड्यात ठेवलं होतं. हवा काढली तसा उजेड विझला, हवा आत सोडली तसा परत आला. तुमची डबी म्हणजे तेच भांडं.

आता खर्चाचा हिशेब मांडू. एका मेणबत्तीचा एकूण उजेड साधारण १२ ल्यूमेन (ल्यूमेन हे उजेड मोजायचं एकक). तेवढाच उजेड ५२० नॅनोमीटरच्या हिरव्या रंगात हवा असेल, तर प्रत्यक्ष प्रकाश म्हणून ०.०२५ वॉट पुरतो, कारण त्या रंगाला आपला डोळा चांगलाच तीक्ष्ण आहे. पण जीव काही सगळं अन्न उजेडावर उधळत नाही. शंभरातला एक भाग उजेडाला जातो असं धरा (हे आमचं गृहीतक, तुमच्या जगात तुम्ही बदला), म्हणजे खड्याला सतत २.५ वॉट ऊर्जा हवी. आठ तासांच्या रात्रीला झाले ७२ किलोज्यूल. एक ग्रॅम साखरेतून सुमारे साडेसोळा किलोज्यूल मिळतात, तेव्हा रात्रीची खुराक साडेचार ग्रॅमच्या आसपास, चहाचा एक चमचा. ती पचवायला साडेतीन लिटरच्या वर ऑक्सिजन, म्हणजे सतरा-अठरा लिटर हवा. पितळी डबीत फार तर पाव लिटर हवा मावेल. पूर्ण उजेडात खडा दहा मिनिटंही तगणार नाही.

आणि हे मेणबत्तीपुरतं झालं. खोली उजळायला नऊ वॉटच्या एलईडी दिव्याइतके, म्हणजे सुमारे ९०० ल्यूमेन धरले, तर रात्रीला तीनशे ग्रॅमहून जास्त साखर. असा खडा पोसणाऱ्या घराचं वाणसामान निघालं म्हणून समजा. कथेला हे वाईट नाही: खडा श्रीमंताकडेच का दिसतो, याचं कारण आयतं मिळालं.

डबी ठेवायचीच असेल तर दोन रस्ते आहेत. पहिला, आतले जीव बीजाणूच्या रूपात झोपलेले ठेवा. उघडल्यावर हवा, ओल आणि अन्न मिळालं की ते जागे होतील, पण त्याला तास-दोन तास लागू द्या. झाकण उघडताच लख्ख उजेड, हे तेवढं सोडून द्या. दुसरा रस्ता म्हणजे जीव हटवून किरणोत्सर्गाचा आधार घ्या. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला घड्याळांच्या तबकड्यांना रेडियम आणि झिंक सल्फाइडचा रंग लावत. रेडियमचं अर्धायुष्य, म्हणजे ते निम्मं उरायला लागणारा काळ, सुमारे १६०० वर्षं, तरीही त्या जुन्या तबकड्या आज काळ्या पडलेल्या दिसतात. रेडियम संपलेलं नसतं, त्याचा मारा खाऊन झिंक सल्फाइडचे स्फटिक निकामी झालेले असतात.

इथे खरं तर तुमच्या अर्धसजीव खनिजाला चांगलं काम मिळतं. आतलं मूलद्रव्य ऊर्जा पुरवतं, स्फटिक तिचा उजेड करतो, आणि जीव तो खराब झालेला स्फटिक सतत दुरुस्त करत राहतो. जीव मेला की खडा विझतो, पण विषारी तेवढाच राहतो. किरणोत्सर्गाच्या आधाराने जगणारा जीव ही निव्वळ कल्पना नाही. दक्षिण आफ्रिकेतल्या म्पोनेंग सोन्याच्या खाणीत २.८ किलोमीटर खोलीवर डिसल्फोरूडिस ऑडॅक्सव्हिएटर हा जिवाणू सापडला. खडकातल्या युरेनियममुळे पाण्याचं विघटन होतं, त्यातून हायड्रोजन सुटतो आणि त्यावर हा गडी गुजराण करतो. त्याला सूर्य लागत नाही, ऑक्सिजनही लागत नाही. मात्र तो चमकत नाही, आणि वाढतो अतिशय सावकाश. इतक्या तुटपुंज्या कमाईत उजेडाची चैन परवडत नाही.

प्रश्न (ठाणे): आमचा गट शनिवारी भूमिका-खेळ (रोल-प्लेइंग गेम) खेळतो, खेळवणारा मी. तेजखडा तोडला की महिन्याभरात परत उगवतो असा नियम ठेवला होता. खेळाडूंनी शेती सुरू केली आणि बाजारभाव पार झोपवला. काय करू?

उत्तर: वाढ मंद करा आणि भाव वजनावर ठेवू नका.

मंद म्हणजे किती, त्याला खरे दाखले आहेत. गोलसर प्रवाळाचा दगड वर्षाला साधारण एक सेंटीमीटर वाढतो. गुहेतली लवणस्तंभाची कांडी बऱ्याचदा वर्षाला मिलिमीटरच्या दहाव्या भागाएवढी. समुद्रतळावरच्या मँगनीजच्या गाठींना काही मिलिमीटर वाढायला दहा लाख वर्षं लागतात. म्हणजे दहा सेंटीमीटर व्यासाचा गोळा प्रवाळाच्या वेगाने पाच वर्षांत होईल, लवणस्तंभाच्या वेगाने पाचशे वर्षांत. तुमच्या खेळाला पहिला वेग बरा. एक मोहीम पाच वर्षं चालत नाही, पण एका राजघराण्याला लागवड परवडते.

भावाचा मुद्दा जास्त कामाचा आहे. प्रवाळात जिवंत थर असतो तो फक्त वरचा काही मिलिमीटरचा, आतला सगळा जुना मेलेला दगड. तेजखडाही तसाच ठेवा. उजेड पृष्ठभागाचा, वजन आतल्या दगडाचं. मग व्यास दुप्पट झाला की उजेड चौपट होतो, पण वजन आठपट. मोठा धोंडा खांद्यावर वाहून आणणारा मूर्ख ठरेल आणि पातळ पापुद्रे शाबूत सोलणारा कारागीर पैसे कमवेल. धोंडा फोडून जास्त पृष्ठभाग काढू, असं कुणीतरी म्हणेलच. त्याला सांगा की फोडलेली बाजू काळी निघते. तिच्यावर नवा थर चढायला कडेपासून सुरुवात होते, महिन्याला एक मिलिमीटर. विक्री चौरस बोटांच्या मापाने, आणि पापुद्रा ओल्या फडक्यात गुंडाळलेला. कोरडा पडला की तीन दिवसांत मेला. एवढं केलं की वाहतुकीचे धोके, बनावट माल, दलाल हे सगळं आपोआप खेळात येईल.

प्रश्न (विलेपार्ले): आपल्या दख्खनच्या बेसाल्टमध्ये झिओलाइट नावाचं खनिज सापडतं आणि ते सच्छिद्र असतं. त्याच्या छिद्रांत चमकणारे जिवाणू राहतात, असं माझ्या कथेत आहे. वर्गातल्या एका मुलीने हे अशक्य म्हटलं.

उत्तर: तिचं बरोबर आहे. झिओलाइटची छिद्रं एका नॅनोमीटरहूनही बारीक असतात, त्यांत पाण्याचे रेणू आणि अमोनियमसारखे आयन शिरतात. जिवाणू साधारण एक मायक्रोमीटरचा, म्हणजे हजारपटीहून मोठा.

पण कथा मोडायची गरज नाही, बिऱ्हाड बदला. लाव्हा थिजताना त्यात वायूचे बुडबुडे अडकतात. त्या पोकळ्या वाटाण्याएवढ्या असतात तशा माणूस बसेल एवढ्याही. पुढे त्यांतून गरम पाणी फिरतं आणि भिंतींवर स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट, अपोफिलाइट असे स्फटिक वाढतात. जीवांचा पातळ लेप या स्फटिकांच्या अंगावर ठेवा. झिओलाइटला कोठीघर करा: ते अमोनियम धरून ठेवतं आणि हळूहळू सोडतं, मत्स्यालयाच्या गाळणीत त्याचा वापर होतो तो त्याचसाठी. शिवाय तापवलं की त्यातलं पाणी निघून जातं आणि सांगाडा न मोडता ते पाणी परत शोषून घेता येतं. तेव्हा खड्याला भट्टीजवळ ठेवला की जीव झोपतात, ओल दिली की जागे होतात. या एका गुणावर अख्खं प्रकरण उभं राहील.

मुंबईचाच संदर्भ हवा असेल तर कांदिवली-कुर्ल्याच्या जुन्या दगडखाणी या पोकळ्यांतल्या खनिजांसाठी संग्राहकांत नावाजलेल्या आहेत. ओकेनाइट या खनिजाचे पांढरे लवदार गोळे एकदा फोटोत पाहा, अर्धसजीव वाटायला त्यांना तुमच्या मदतीची गरज नाही. आणि लाव्हाच्या दोन प्रवाहांच्या मधल्या काळात इथे खरोखर जीव नांदत होते. वरळीच्या टेकडीतल्या गाळाच्या थरात बेडकांचे जीवाश्म मिळाले आहेत.

प्रश्न (परळ, एकांकिकेचा गट): रंगमंचावर चमकणारा खडा हवाय. रात्री चमकणारी पावडर पांढऱ्या गोंदात कालवून थर्मोकोलवर फासली. पहिल्या दिवशी छान, तालमीच्या आठवड्यात मंद, आणि शेवटच्या रांगेतून काहीच दिसत नाही. स्पर्धा तोंडावर आहे.

उत्तर: दोन वेगवेगळ्या चुका आहेत, एकेक घेऊ.

हिरवी चमकणारी पावडर म्हणजे बहुधा युरोपियम आणि डिस्प्रोझियम घातलेलं स्ट्रॉन्शियम अल्युमिनेट. त्याचा वैरी पाणी. पांढरा गोंद पाण्याचा असतो, तो सुकायला वेळ लागतो आणि तोवर पावडरीचे कण पाण्याशी अभिक्रिया होऊन मरतात. पाण्याचं माध्यम वापरायचंच असेल तर आवरण चढवलेली, वॉटरप्रूफ म्हणून विकतात ती पावडर घ्या. नाहीतर सरळ इपॉक्सी रेझिन घ्या, म्हणजे हार्डनर मिसळला की घट्ट होणारं द्रव प्लास्टिक.

दीडशे ग्रॅम तयार मिश्रणाला चाळीस ग्रॅम पावडर. रेझिन आणि हार्डनरचं प्रमाण डब्यावर असेल तेच, आणि ते वजनाचं सांगितलंय की मापाचं, हे आधी वाचा. निम्मे गोळे चिकट राहतात ते याच गोंधळाने. दोन्ही आधी तीन-चार मिनिटं नीट ढवळा, भांड्याच्या कडा खरवडत. पावडर मागून. ढवळायला लाकडी काडी. स्टीलचा चमचा नको, पावडर इतकी कठीण असते की धातू घासून मिश्रण करडं पडतं. पावडर हाताळताना तोंडाला मास्क, रेझिनला हातमोजे, आणि खिडकी उघडी.

पावडरीची घनता सुमारे ३.६, रेझिनची १.१. ओतल्या ओतल्या ती तळाला बसणारच. म्हणून मिश्रण लगेच साच्यात घालू नका. एकतारी पाकाइतकं दाट होईतो थांबा, मग ओता. थर एक सेंटीमीटरहून जाड नको. जाड ओतलं की आतल्या उष्णतेने रेझिन तापतं, पिवळं पडतं, कधी तडकतं. मुंबईत मे महिन्यात डब्यावर लिहिलेल्या वेळेच्या आधीच ते आवळतं, तेव्हा एकदम पाव किलो कालवू नका. पावसाळ्यात उलटा ताप: हवेतल्या ओलीने वरचा थर दुधाळ आणि चिकट होतो. एसीच्या खोलीत ओता आणि चोवीस तास तिथेच झाकून ठेवा. साचा सिलिकॉनचा. खड्याचा काळा भाग रंगात कालवून करू नका, काळा रंग उजेड गिळतो. पाठीमागे पांढरा हात द्या आणि काळी खडकाळ कड कागदाच्या लगद्याने वेगळी बसवा.

आता शेवटची रांग. नुसत्या पावडरीवर प्रयोग होणार नाही. तिचा उजेड पहिल्या काही मिनिटांत झपाट्याने उतरतो, आणि नुकत्याच उजेडातून आलेल्या प्रेक्षकाच्या डोळ्यांना पूर्ण अंधार सरावायला वीस-तीस मिनिटं लागतात. म्हणून आत दिवा ठेवा: ४०० नॅनोमीटरच्या आसपासचा जांभळा एलईडी, पाच मिलिमीटरचा, मुंबईत लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात सहज मिळतो. तीन पेन्सिल सेल म्हणजे साडेचार व्होल्ट, मध्ये १५० ओहमचा रोधक (रेझिस्टर), करंट नऊ-दहा मिलिअँपिअर. मोठ्या खड्याला असे चार, प्रत्येकाला स्वतःचा रोधक. चौघांना मिळून एकच लावला तर एखादा एलईडी जास्त करंट ओढतो आणि तोच आधी जातो. जोड उष्णतेने आवळणाऱ्या नळीने झाका, ओतण्याआधी तासभर पेटवून पाहा. सेलचा डबा आणि बटण रेझिनच्या बाहेर. एलईडीचं तोंड प्रेक्षकांकडे नको, आतल्या पावडरीकडे.

या रचनेची खरी मजा विझण्यात आहे. बटण बंद केलं की जांभळी झाक तत्काळ जाते आणि हिरवी चमक मागे रेंगाळत उतरते. खडा मेल्याचा प्रसंग नटाच्या अंगठ्याखाली आला. श्वासासारखी उघडझाप हवी असेल तर आर्डुइनो या प्रोग्रॅम करता येणाऱ्या छोट्या बोर्डावर चार-पाच सेकंदांचा चढउतार द्या, पण दर फेरी थोडी लांब-आखूड ठेवा; एकसारखं लुकलुकलं की ती गणपतीच्या मखराची माळ दिसते.

प्रकाशयोजनाकाराला आधीच सांगा की या प्रसंगाआधीचा उजेड एकदम न पाडता तीन-चार मिनिटांत उतरवायचा. बाहेर जाण्याच्या दारांवरचे दिवे चालूच राहतील, ते बंद करण्याची मागणी करू नका. त्यांचा विचार करूनच खड्याची जागा ठरवा. एलईडी नसलेले छोटे खडे विंगेत पांढऱ्या एलईडी टॉर्चखाली पाच मिनिटं धरा, प्रवेशाच्या अगदी आधी. पिवळ्या बल्बखाली ते नीट भारत नाहीत, त्यांना निळा-जांभळा उजेडच लागतो.

प्रश्न (कल्याण): माझा खडा लाल चमकतो आणि त्याच्या अंधुक उजेडात नायिका भिंतीवरची रंगीत चित्रं बघते. काही अडचण?

उत्तर: दोन. अंधुक उजेडात डोळ्यातल्या दंडपेशी काम करतात, त्यांना रंग कळत नाहीत. आणि लाल प्रकाश त्यांना जवळपास दिसतच नाही. लाल खडा चालवायचा तर तो रंग ओळखणाऱ्या शंकुपेशींना जाणवेल इतका प्रखर करा; तरीही निळी चित्रं काळी दिसतील. उलट एक फायदा घ्या: लाल उजेडाने अंधाराला सरावलेली नजर फारशी बिघडत नाही. म्हणून खाणकामगार लाल खडा वापरतात आणि हिरवा बंदी घातलेला, असा रिवाज छान बसेल.

प्रश्न (बोरिवली): खडा जिवंत आहे की खनिज, हे कथेत ठरवायलाच हवं का?

उत्तर: नाही. कोणतं काम कोण करतं, एवढं ठरवा. कायटन नावाच्या समुद्री जीवांच्या काही जातींत पाठीवरच्या कवचात डोळे असतात आणि त्यांची भिंगं अ‍ॅरागोनाइट या खनिजाची असतात. तो जीव की खनिज, यावर कायटनचं काही अडत नाही.

प्रश्न (माहीम): लिहिण्याआधी खरा जिवंत उजेड बघायचा आहे. काजव्यांसाठी मे-जूनपर्यंत थांबायला वेळ नाही.

उत्तर: जुहूच्या किनाऱ्यावर नोव्हेंबर २०२० मध्ये लाटा निळ्या चमकल्या होत्या, तो नॉक्टिल्युका या एकपेशीय जीवाचा उजेड. पाणी ढवळलं की तो क्षणभर चमकतो, एरवी अंधार. पण तो ठरवून भेटत नाही. भीमाशंकरच्या जंगलातली चमकणारी कवकं पावसाळ्यात, तीही वनखात्याचे नियम पाळून.

घरच्या घरी हवं असेल तर माकूळ किंवा ताजा समुद्री मासा घ्या आणि कोळणीला सांगा, मावशी, नळाचं पाणी लावू नका. गोड्या पाण्याने सागरी जिवाणू फुटतात, सगळा खेळ तिथेच संपतो. एक लिटर पाण्यात तीस ग्रॅम मीठ. पसरट थाळीत मासा अर्धा बुडेल, अर्धा वर राहील असा ठेवा, कारण ऑक्सिजन लागतो तो वरच्या बाजूला. सैल झाकण. तापमान दहा ते पंधरा अंश. मुंबईच्या खोलीत तो चमकण्याआधी सडतो, आणि फ्रिजच्या चार अंशांत जिवाणू फार रेंगाळतात; थर्मोकोलच्या खोक्यात बर्फाच्या पिशव्या बदलत ठेवणं सोपं. एक-दोन दिवसांनी अंधाऱ्या खोलीत पंधरा मिनिटं बसून मग झाकण काढा. कातडीवर निळसर ठिपके दिसतील. दर माशावर उगवतीलच असं नाही, म्हणून दोन-तीन तुकडे वेगवेगळ्या कोळणींकडून घ्या. थाळी ढवळली तर उजेड क्षणभर वाढतो, तेवढं नक्की करून बघा.

मासा नंतर खायचा नाही, मांजरालाही घालायचा नाही. थाळी ब्लीचच्या पाण्यात अर्धा तास ठेवून धुवा, आणि खोक्यावर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवा, नाहीतर घरातलं कुणीतरी रात्रीच्या कालवणाला काढेल.